हॉटेलात पुराचं पाणी शिरलं तर काय काय करायचं, आणि कुठल्या क्रमाने

कोल्हापुरात शाहूपुरी, लक्ष्मीपुरी, व्हीनस कॉर्नरच्या पट्ट्यात ज्यांचं हॉटेल नाहीतर खानावळ आहे त्यांना राजाराम बंधाऱ्याचे, म्हणजे तिथे मोजल्या जाणाऱ्या पंचगंगेच्या पातळीचे आकडे तोंडपाठ असतात. ३९ फूट म्हणजे इशारा, ४३ म्हणजे धोका. २०१९ ला आणि २०२१ ला दोन्ही वेळा पंचगंगा ५५ फुटांच्या पुढे गेली आणि खालच्या भागातल्या किचनमधून पाणी दिवसेंदिवस हललं नाही. दर पावसाळ्यात कुणी ना कुणी फोन करून विचारतंच की बाबा पाणी उतरल्यावर आधी काय करायचं, म्हणून एकदाच सगळं लिहून ठेवतोय. पाइप फुटून नाहीतर वरच्या मजल्यावरून स्वच्छ पाणी आलं असेल तर यातलं निम्मं लागणार नाही, पुसा, वाळवा, वायरमनला दाखवा, झालं. इथे बोलतोय ते नदी, नाला आणि ड्रेनेज तिन्ही एकत्र होऊन आत आलेल्या पाण्याबद्दल.

आणि आधीच सांगतो, पुरात जेवढं जातं त्याच्याइतकंच नंतरच्या घाईत जातं. ओला फ्रीजर चालू करून बघणारे, ओल्या भिंतीला रंग मारणारे, भिजलेली मिरची वाळत घालणारे, यांचं नुकसान दुप्पट होतं.

शटर उघडायच्या आधी लाइट. मेन स्विच पाणी यायच्या आधी पाडलेला असला तरी मीटरकडची लाइन बंद आहे की नाही ते महावितरणच्या माणसाकडून कन्फर्म करून घ्या, १९१२ ला फोन लावा, नाहीतर सरळ सबस्टेशनला जाऊन उभे राहा, तेच लवकर होतं. पायात गमबूट पाहिजेतच, चप्पल घालून कुणालाही आत सोडू नका, गाळाखाली फुटलेल्या बाटल्या, खिळे, पत्रे काहीही असतं. सिलेंडर तरंगून जागा सोडून गेलेले असतात, पाइप ओढून तुटलेला असतो, आणि एलपीजी हवेपेक्षा जड, तो खाली साचून राहतो. वास आला तर शटर उघडं टाकून लांब व्हा, १९०६ ला फोन करा, आणि तोपर्यंत काडी, बिडी, बटण काहीच नको. साप हा विनोदाचा विषय नाही, गोण्यांच्या मागे, फ्रीजच्या खाली, माळ्यावर कुठेही असतो, त्यामुळे आधी काठी आपटा मग हात घाला, आणि दिसलाच तर सर्पमित्राला बोलवा, पोरांना शौर्य दाखवू देऊ नका.

मग फोटो. अजून झाडू हातात घ्यायचा नाही. प्रत्येक भिंतीवर पाणी कुठवर आलं तिथे पेन्सिलने खूण करून मोजायचा टेप लावून फोटो काढा, प्रत्येक मशीनचा कंपनीच्या प्लेटसकट, नंबर वाचता येईल असा, गोण्यांचा, फ्रीजरचा, काउंटरचा, आणि एक सलग व्हिडिओ शटरपासून मोरीपर्यंत. विमा असेल तर त्याच दिवशी कळवा आणि लेखी कळवा, मेल नाहीतर व्हॉट्सअॅप काहीही चालेल पण तारीख दिसली पाहिजे. विमा कंपनीचा सर्व्हेअर यायला वेळ लागतो आणि तोवर मटण कुजत ठेवता येत नाही, म्हणून नासका माल टाकायच्या आधी फोटो आणि वजनाची यादी पाठवून टाकण्याची परवानगी मागा, उत्तर नाही आलं तरी तुम्ही मागितली होती हे राहतं. विमा नसला तरी महसूलच्या पंचनाम्यासाठी हेच फोटो लागतात, २०२१ ला सरकारने दुकानदारांना ५० हजारांपर्यंत आणि टपरीवाल्यांना १० हजारांपर्यंत मदत जाहीर केली होती, तेव्हा ज्यांनी आधीच धुऊन चकाचक केलं त्यांना नुकसान दाखवताना नाकी नऊ आले. किराणावाल्याकडून, चिकनवाल्याकडून मागच्या दोन-तीन महिन्यांच्या बिलांच्या डुप्लिकेट कॉप्या मागून ठेवा, आपली फाइल तर भिजलेलीच असते.

आता गाळ. यात सगळ्यात मोठी गोष्ट ही की गाळ ओला आहे तोवरच काढायचा. पाणी उतरत असतानाच, म्हणजे आत अजून वीतभर पाणी शिल्लक आहे तेव्हाच वायपर आणि फळ्या घेऊन तेच पाणी ढवळून गाळ बाहेर ढकलायला सुरुवात करायची, उतरणारं पाणी निम्मं काम फुकटात करतं. एक दिवस थांबलात आणि ऊन पडलं की तोच गाळ सिमेंटसारखा बसतो आणि मग फरशी खरवडत बसा. चिपळूणला २२ जुलै २०२१ ला वाशिष्ठीचं पाणी आलं ते वेगात आलं आणि लवकर ओसरलं, पण बाजारपेठेतल्या दुकानांत गाळाचे थर मागे टाकून गेलं, तिथल्या लोकांनी खोऱ्यांनी उपसून काढला. आमच्याकडे पाणी सावकाश येतं आणि मुक्काम करतं, गाळ त्यामानाने पातळ पण ओल खोलवर जाते, त्यामुळे आमचा त्रास पुढे सुरू होतो.

गाळ काढताना वरून खाली या. माळा, मग भिंती, मग ओटे, शेवटी फरशी. ओट्याखालचे कप्पे, फ्रीजचं बूड, ग्राइंडरच्या खालचा स्टँड, टेबलाच्या पायांचे पोकळ पाइप, या जागा सुटतात आणि आठवड्याने वास तिथूनच येतो. टेबलाच्या पाइपांची रबरी बुचं काढून टेबल उलटं करून बघा, आतून चहासारखं पाणी पडेल. बरं, गाळ मोरीत लोटायचा नाही. सगळ्यांचा पहिला हात तिकडेच जातो आणि मग चेंबर, नहाणी ट्रॅप आणि ग्रीस ट्रॅप तिन्ही गच्च भरतात, आणि ड्रेनेजवाला त्या आठवड्यात देवाला नवस करूनही मिळत नाही. मोरीच्या जाळीवर पोतं टाकून वर वीट ठेवा, गाळ घमेल्याने रस्त्यावर एका बाजूला टाका, महापालिकेची गाडी उचलते.

धुवायला पाणी कुठून आणायचं हा वेगळाच प्रश्न. पुरात उपसा केंद्रंच पाण्याखाली जातात त्यामुळे सगळीकडे पाणी पण नळाला थेंब नाही अशी अवस्था असते. टँकर चार हॉटेलवाल्यांनी मिळून सांगा. आणि गाड्या धुण्याच्या सर्व्हिसिंग सेंटरवाल्याकडून प्रेशर गन भाड्याने आणा, कमी पाण्यात जास्त निघतं. फक्त ती गन स्विचबोर्ड, मोटर आणि टाइल्सच्या उघड्या सांध्यांवर मारू नका, पाणी आणखी आत जातं.

माल टाकायची वेळ आली की खरा जीव तुटतो. एप्रिल-मे मध्ये डंकावरून कुटून आणलेली वर्षाची कांदा-लसूण चटणी, ब्याडगीची पोती, खोबरं, धने, सगळं ऑगस्टमध्ये भिजतं. आचारी म्हणतो मालक वरची गोणी कोरडी आहे, मधलं चांगलं निघेल, उन्हात टाकू. नाही. त्या पाण्यात ड्रेनेज आहे, आणि मिरची, शेंगदाणा, खोबरं, धान्य ओलं होऊन जी बुरशी धरते तिचं विष तळून, उकळून जात नाही. पीठ, तांदूळ, डाळी, साखर, मीठ पाण्याला लागलं असेल तर सगळं बाहेर. बरणीचं झाकण फिरकीचं असेल आणि बरणी बुडाली असेल तर लोणचंही बाहेर, झाकणाच्या आट्यांत गाळ जातो तो धुऊन निघत नाही. कोल्ड्रिंकच्या पत्र्याच्या बुचाच्या बाटल्यांचं तेच. तेलाचा डबा बुडाला की त्याच्या तोंडाचा भरवसा धरू नका, आत चमचाभर पाणी गेलेलं बाहेरून दिसत नाही आणि कढईत गेल्यावर दिसतं. वाचण्यासारखे फक्त कारखान्यात सील झालेले पूर्ण पत्र्याचे कॅन, तेही चेपलेले, फुगलेले, गंजलेले नसतील आणि ओढून उघडायच्या कडीचे नसतील तरच. त्यांचं लेबल काढा, साबणाने धुवा, क्लोरीनच्या पाण्यात (माप खाली दिलंय) बुडवा, आणि नाव-तारीख मार्करने परत लिहा. पाणी न लागलेलं पण लाइट गेल्यामुळे फ्रीजमध्ये राहिलेलं दूध, पनीर, मटण, ग्रेव्ही हेही टाकायचंच, ५ डिग्रीच्या वर काही तास राहिलं की संपलं, वास घेऊन ठरवू नका.

डीप फ्रीजरचं सांगायला हवं. पाच-सहा दिवस बंद राहिलेला, आत चिकन-मासे असलेला फ्रीजर किचनमध्ये उघडायचा नाही म्हणजे नाही. दाराला चारी बाजूंनी पॅकिंगची टेप गुंडाळा, बाहेर मोकळ्यात न्या, तिथे तोंडाला मास्क, हातात कोपरापर्यंत ग्लोव्हज घालून उघडा आणि माल जाड पिशव्यांत भरून महापालिकेच्या गाडीला द्या. आमच्या गल्लीत एकाने आतच उघडला होता, पुढे कितीतरी दिवस त्याच्या फॅमिली रूममध्ये कुणी बसेना.

लाकडी पोळपाट, लाटणी, खाटीक ठोकळा, भाजी कापायच्या प्लॅस्टिकच्या पाट्या, चरे पडलेले प्लॅस्टिकचे डबे, स्पंज, चाळण्या, पाण्याच्या फिल्टरच्या कँडल आणि मेंब्रेन हे वाचवत बसू नका. स्टीलची आणि पितळेची भांडी मात्र शंभर टक्के वाचतात, आधी साबण आणि काथ्याने घासायची, मग मोठ्या टोपात खळखळ उकळायची. उकळणं जमत नसेल तर क्लोरीन.

त्याचं माप नीट घ्या, डोळ्याने टाकू नका. बाजारात पाच टक्क्यांचं सोडियम हायपोक्लोराइट मिळतं, ज्याला सगळे हायपो म्हणतात. भांड्यांसाठी १० लिटर पाण्यात ४० मिली, दहा मिनिटं बुडवून ठेवायची आणि मग चांगल्या पाण्यातून काढायची, नाहीतर स्टीलला बारीक खड्डे पडतात. फरशी, ओटा, टाइल्स, मोरी यासाठी १० लिटरला २०० मिली. कॅन १० टक्क्यांचा असेल तर माप निम्मं. हायपो मिळत नसेल तर ब्लीचिंग पावडर, फरशीसाठी १० लिटरला साधारण ४० ग्रॅम, वजनकाट्यावर मोजून, पण पावडर ताजी पाहिजे, उघडी राहिलेली पावडर नुसता चुना असतो. पाणी निवळू द्या आणि वरची निवळी वापरा. गाळ असलेल्या फरशीवर हे ओतून काही उपयोग नाही, गाळ सगळं क्लोरीन खाऊन टाकतो, म्हणून आधी साबण-पाण्याने फरशी स्वच्छ, मगच हे. आणि ही दोन्ही औषधं टॉयलेट क्लीनर किंवा अॅसिडमध्ये मिसळायची नाहीत, विषारी वायू निघतो, बंद मोरीत पोरगा बेशुद्ध पडू शकतो. डबल पावर म्हणून दोन्ही एकत्र ओतणारे असतात, त्यांच्यावर लक्ष ठेवा.

जमिनीखालची टाकी विसरली जाते कारण ती दिसत नाही. झाकणातून ड्रेनेजचं पाणी आत गेलेलं असतं. पूर्ण उपसा, आत माणूस उतरवायचा असेल तर झाकण बराच वेळ उघडं ठेवून आणि वर दुसरा माणूस दोर धरून उभा करून, एकट्याला उतरवू नका. घासून काढा, परत भरा, दर हजार लिटरला २०० ग्रॅम ब्लीचिंग पावडर बादलीत कालवून निवळी टाका, सगळे नळ क्लोरीनचा वास येईपर्यंत उघडे ठेवा म्हणजे पाइपातही जाईल, मग २४ तास तसंच राहू द्या. नंतर ते सगळं पाणी सोडून द्या, नवीन भरा, आणि जिल्ह्याच्या प्रयोगशाळेत सॅम्पल द्या. अन्न परवान्यासाठी पाण्याचा आयएस १०५०० चा रिपोर्ट लागतोच, तो या निमित्ताने होऊन जाईल. रिपोर्ट येईपर्यंत प्यायला जार.

मशीनचा एकच नियम, प्लगला हात लावायचा नाही. मिक्सर, ग्राइंडर, कणीक मळायचं मशीन, पंप यांच्या मोटरी बुडाल्या तरी पुष्कळदा वाचतात, पण कुणी चालू करून बघितल्या की वाइंडिंग जळतं. खोलून चांगल्या पाण्याने गाळ धुवायचा, पूर्ण वाळवायचं, मेगरने (करंट कुठे गळतोय का ते दाखवणारं मीटर) टेस्ट, बेअरिंग नवीन, गरज पडली तर वॉर्निश. रिवाइंडिंगवाल्याकडे त्या आठवड्यात रांग असते, म्हणून ज्याच्यावाचून अडतं ती मोटर आधी द्या, सगळ्या एकदम नेऊन टाकल्या तर तुमचा ग्राइंडर तळाला जातो. फ्रीजचा कॉम्प्रेसर सीलबंद असतो, तो वाचतो, रिले, थर्मोस्टॅट, पंखा बदलावा लागतो. पण फ्रीजरच्या भिंतीतल्या पफमध्ये, म्हणजे थंडावा धरणाऱ्या फोममध्ये, पाणी गेलं असेल तर पैसे घालू नका, थंडावा धरत नाही आणि वास कधीच जात नाही. बुडालेले एमसीबी आणि आरसीसीबी (बोर्डातले आपोआप पडणारे स्विच) सरळ नवीन, त्यात काटकसर कसली. वायरिंगच्या पाइपात पाणी राहतं, वायरमनला ओढून बघायला सांगा आणि पूर्ण टेस्टिंग झाल्याशिवाय मेन चढवू देऊ नका.

शेगड्या धुऊन निघतात पण जेटमध्ये गाळ अडकतो, पिनने साफ केल्यावर ज्योत पिवळी येत असेल तर अजून आहे. रेग्युलेटर, रबरी पाइप, गॅस बँकेचे पिगटेल (सिलेंडर लाइनला जोडणारे छोटे पाइप) सगळं नवीन, व्हॉल्व्ह मेकॅनिककडून, आणि प्रत्येक जोडावर साबणाचा फेस लावून बघणे. बुडालेले सिलेंडर एजन्सीला परत. तंदूर भिजला असेल तर लगेच पेटवायचा नाही, माती आणि विटांच्या आत पाणी असतं, त्याची वाफ होऊन तंदूर उभा चिरतो. आधी तसाच वाळू द्या, मग रोज थोडे निखारे, हळूहळू वाढवत.

आता भिंती, जिथे आमच्याकडे सगळे फसतात. पाणी चार फूट आलं म्हणजे ओल चार फुटांवर थांबत नाही, वीट पाणी वर ओढते. ऑइलपेंट असेल तर खरवडा, त्याच्या मागे ओल कोंडते. प्लायचं पॅनेलिंग, सनमायकाचं पार्टिशन, पीओपीच्या पोकळ भिंती पाण्याच्या रेषेच्या वर हातभर तरी कापून काढा, मागे काळी बुरशी असणारच. एमडीएफ आणि पार्टिकल बोर्डाची टेबलं फुगली की संपली, प्लाय चांगला असेल तर निदान फ्रेम वाचते, कडाप्पा आणि स्टीलला काही होत नाही. लाकडी दरवाजे फुगून बसत नाहीत म्हणून लगेच रंधा मारू नका, वाळल्यावर ते परत आकसतात आणि मग फट राहते. सोफ्याचा फोम फेकून द्या, त्यावर चर्चा नको.

वाळवायला हवा लागते, नुसती उष्णता नाही. ऑगस्टच्या दमट हवेत शटर बंद करून हॅलोजन लावले की आतल्या आत घाम सुटतो. समोरासमोर दोन दारं-खिडक्या उघड्या, एक मोठा पंखा आत ढकलणारा, एक बाहेर फेकणारा, आणि एसी असेल तर रात्री ड्राय मोडवर. जनरेटर बाहेर ठेवायचा, आत कोळशाची शेगडी ठेवून झोपायचं तर नावच काढू नका, त्या धुराने माणसं गेलेली आहेत. भिंत वाळली का बघायचं तर हातभर प्लॅस्टिक कागद चारी बाजूंनी टेपने चिकटवून रात्रभर ठेवा, सकाळी आतून दव दिसलं तर अजून वेळ आहे. तोवर नुसता चुना मारा, स्वस्त आहे, भिंत श्वास घेते, बुरशीला आवडत नाही. पेंटर म्हणेल वॉटरप्रूफ मारतो दसऱ्याआधी नवीन दिसेल, तो दिवाळीपर्यंत पापुद्रे काढत परत येतो आणि परत पैसे घेतो.

कामावरच्या पोरांचं सांगायचं राहिलं. उंदराच्या मुताने लेप्टो (लेप्टोस्पायरोसिसचा ताप) होतो, पायाला चीर असेल तर गाळातून सरळ आत जातो, म्हणून सफाई सुरू व्हायच्या आधी सगळ्यांना सरकारी दवाखान्यात नेऊन तो होऊ नये म्हणूनच्या गोळ्यांबद्दल विचारा आणि धनुर्वाताचं इंजेक्शन कुणाचं राहिलं असेल तर द्या. ताप, अंगदुखी, डोळे लाल झाले की घरगुती काढा नको, डॉक्टर. ज्याचं पोट बिघडलंय तो किचनमध्ये नको, तुटवडा असला तरी.

उघडताना सगळं मेनू कार्ड घेऊन उघडू नका. चहा, पोहे, भजी, डाळ-भात, समोर गरम करून समोर द्यायचं एवढंच. तांबडा-पांढरा रस्सा नंतर, फ्रीज दोन दिवस न थांबता थंड राहतोय हे थर्मामीटर लावून बघितल्यावर. कांदा-काकडीची कोशिंबीर, चटणी, ताक हे सगळ्यात शेवटी, पाण्याचा रिपोर्ट हातात आल्यावर.

आणि भिंत फोडलेलीच आहे तर प्लगचे पॉइंट पाच-सहा फुटांवर घ्या, डीबी (मेन स्विचचा बोर्ड) त्याच्याही वर, मोरीच्या लाइनला उलटं पाणी अडवणारा व्हॉल्व्ह बसवा, अर्ध्या वेळेला पाणी दारातून यायच्या आधी मोरीतूनच येतं. पुढच्या वेळी ३९ चा आकडा आला की ४३ ची वाट बघत बसायचं नाही, आधी मोटरी उचलायच्या, मग चटणीचे डबे, मग कागद, गल्ला आणि परवाने, आणि फ्रीजर उचलायचा असेल तर आधी रिकामा करा, रिकामा चार माणसांत जिन्यावरून जातो, भरलेला आठांनाही हलत नाही.